आधी पूस, मग आत ये

"ती वेडी बाई कुठं राहते हो? भिंतींवर चित्रं काढते ती?"

चुडावा स्टेशनवर पॅसेंजरमधून पाय खाली टेकतो न टेकतो तोच हे माझ्या कानावर आलं. खांद्याला कॅमेऱ्याची काळी बॅग, पायात महागाचे बूट आणि चेहऱ्यावर असं हसू, की अख्खं स्टेशन त्यालाच घ्यायला आलंय. मी दिवसभर परभणीच्या लॅबमध्ये लोकांची बोटं टोचून आले होते, डोकं आधीच तापलेलं. आणि हा माणूस माझ्या सख्ख्या आत्याला, माझ्याच तोंडावर, वेडी म्हणत होता.

"वेडी कोण?" मी विचारलं.

"म्हणजे... लोक म्हणतात तसं. मला तसं म्हणायचं नव्हतं." तो गडबडला. "कडूबाई नाव आहे त्यांचं."

"असं व्हय? मग हे रूळ वलांडा. फुडं ओढा लागंल. ओढ्याच्या कडंकडंनं सरळ जावा, गाव दिसलं की थांबा."

गाव रुळाच्या अलीकडं होतं. ओढ्याच्या कडेनं सरळ गेलं की फक्त ओढाच लागतो.

"थँक यू हं. तुमचं नाव?"

"कामून? आधार कार्ड काढून देताव का?"

तो हसला. हसताना त्याच्या डाव्या गालाला खळी पडली. ती मला दिसली, म्हणून त्या खळीचाही राग आला.

आता तुम्ही म्हणाल, एवढं चिडायला काय झालं? तर ऐका. दिवाळी झाली की आमच्या गावातली निम्मी घरं ऊस तोडायला जातात. ट्रॅक्टर येतात, भांडीकुंडी, लेकरं, कोंबड्या चढतात आणि दारांना कुलपं लागतात. आत्याही तरुणपणी जायची. एका वर्षी बैलगाडीचं चाक पायावरून गेलं आणि ती मागं राहिली. कुलूपबंद गल्लीत एकटी. ती सांगते, कुत्री बंद दारांपुढं बसून असायची, त्यांच्याकडं बघवेना. मग तिनं चुना घेतला, चुलीची काजळी घेतली, काव कालवली आणि ज्या घरातलं जे माणूस गेलं ते त्या घराच्या भिंतीवर काढलं. तेव्हापासून दर हिवाळ्यात काढते. तिला कुणी शिकवलेलं नाही, आणि कुणी बघावं म्हणूनही ती काढत नाही.

माणसं परत आली की कुलूप काढण्याआधी त्यांनी आपल्या हातानं शेणमातीनं ते चित्र सारवायचं. सगळं पुसलं की मगच आत पाऊल. आत्याचं म्हणणं साधं आहे. आमच्या गल्लीतल्या मुंजाजीचंच घ्या. एका घरात दोन मुंजाजी कशाला? खरा आला की भितीवरच्यानं जावं.

मधे एक पेपरवाला येऊन गेला. गोड बोलला, फोटो काढले, आणि वर छापलं, 'खेड्यातली वेडी चित्रकार'. आत्याला वाचता येत नाही, पण लोकांनी तिला वाचून दाखवलं. मग कित्येक दिवस ती गल्लीत फिरकली नाही. तेव्हापासून बघून निघून जाणाऱ्या माणसांचं मला वावडं आहे.

वाटेत गिरणीवर दळणासाठी तासभर बसून मी घरी पोचले तर तो आमच्या ओसरीवर बसून माझ्या कपात चहा पीत होता!

"ओढ्याच्या कडंला आपला कापूस नाही का," आत्या म्हणाली, "येचायलते, तर हे लेकरू चिखलात उभं. कुण्या भवानीनं त्याला उलटं धाडलं म्हणं."

त्याच्या पँटला गुडघ्यापर्यंत कुसळं चिकटली होती. त्यानं माझ्याकडं बघितलं, कपाकडं बघितलं, आणि गुपचूप एक घोट घेतला.

"उलटं नाही हो आत्या," तो म्हणाला. "बरोबर तुमच्यापाशीच आणून सोडलं त्यांनी."

माझ्या कानाच्या पाळ्या गरम झाल्या. मी आत जाऊन भांडी जोरात आपटली.

त्याचं नाव रविकांत. पुण्यात राहायचा, माहितीपट करायचा. ज्यांना कुणी शिकवलं नाही, जे विकत नाहीत, ज्यांना गाव वेडं समजतं, अशा माणसांच्या हातात ती कला येते कुठून, ते काढताना त्यांच्या मनात काय चालतं, हे त्याला दाखवायचं होतं. आत्यानं ते सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मनात काय चालतंय? पाठ दुखते, हे चालतंय."

"कॅमेऱ्यासमोर एक काढून दाखवाल? माझं काढा. मी बसतो असा."

"समोरचं माणूस काढून काय करू? ते तर हायेच की. तू जा आदी. मला आठवण आली, तर काढीन."

"आणि नाही आली तर?"

"न्हाई आली तर न्हाई. जबरदस्ती हाय का?"

मला हसू फुटलं. त्यानं ते पकडलं. मी लगेच कपाळाला आठी घातली... पण उशीर झाला होता.

तो पूर्णेत लॉजवर उतरला आणि रोज यायला लागला. आत्या काम करताना तो लांब बसायचा, बोलायचा नाही. तेवढं एक मला आवडलं, आणि आवडलं म्हणून मी त्याच्याशी आणखी तुसडं वागायला लागले. संध्याकाळी मी परभणीहून यायचे तेव्हा पूर्णेला नेमका माझ्याच डब्यात चढायचा.

"तुमी सकाळच्या गाडीनं जाताव की गावात. आता कामून?"

"सकाळी शूटिंग असतं. आता... माहिती गोळा करतोय."

"कशाची?"

"कडूबाईंच्या भाचीची. ती दिवसाकाठी किती वेळा चिडते, याची."

"मोजा. बोटं कमी पडली तर सांगा, लॅबमध्ये लय जणांची टोचते मी."

खिडकीतून गार वारा यायचा. तो आपला मफलर काढून सीटवर, आम्हा दोघांच्या मधे ठेवायचा. घे म्हणायचा नाही. मी घ्यायचे नाही. पण एकदा लिंबगावकडून येणाऱ्या गाडीला वाट देत आमची पॅसेंजर रखडली, आणि मी बघितलं तर मफलर माझ्या गळ्यात होता. कधी घेतला, देव जाणे.

त्याच दिवशी मी त्याला टोचलं. "येडी माणसं दाखवून पैसे, बक्षिसं मिळतात म्हणा की तुमाला."

त्याचा चेहराच बदलला. पहिल्यांदा मी त्याला चिडलेला बघितला. आणि चिडल्यावर त्याची पुण्याची भाषा गळून पडली.

"येडं मनू नको," तो म्हणाला. "माझ्या आज्याला बी सगळं जिंतूर येडं मनायचं. बन्सीधर नाव त्याचं. दिसंल त्या लाकडाचा बैल करायचा, मोर करायचा, उंट करायचा. उंट त्यानं जन्मात बघितला नव्हता. घर भरलं होतं. तो गेला, आन् दहाव्याच्या दिवशी सगळ्यांच्या अंघोळीचं पाणी त्याच लाकडांवर तापवलं. मला बी अंघोळ घातली. मी लहान होतो, वरडलो, तर चुलत्यानं थोबाडीत मारली." तो थांबला. "एक बी उरला न्हाई. मी कुणाला दाखवू आता?"

तो आमच्याच जिल्ह्यातला निघाला. गाडी हलली तरी तो खिडकीबाहेर बघत राहिला. मला वाटलं त्याच्या हातावर हात ठेवावा... ठेवला नाही. पण त्या संध्याकाळपासून मला त्याची वाट बघायची खोड लागली, आणि माझा सगळा राग माझ्यावरच उलटला. जाणाऱ्या माणसात जीव अडकवायचा नाही, हे मी लहानपणीच ठरवलं होतं. माझे आई-बाबाही दरवर्षी तोडीला जातात, मी आत्याजवळ राहायचे. भिंतीवरच्या आईशी बोलायचे. खरी आई आली की आधी भिंत सारवायची आणि मग मला उचलायची. तेवढा वेळ मी पाय आपटत उभी असायचे.

होळी जवळ आली. माणसं परतायला लागली, एकेक भिंत पुसली जायला लागली. रविकांत प्रत्येक पुसण्याचं शूटिंग करायचा आणि प्रत्येक वेळी त्याचं तोंड उतरायचं. मुंजाजीच्या घराची भिंत आत्यानं त्या वर्षी फार सुंदर काढली होती. मुंजाजी, त्याचे बैल, आणि त्याची बायको पार्वतीबाई, पोटुशी, एक हात पोटावर. जाताना ती तशीच गेली होती.

"ही एक भिंत तरी ठेवू द्या," तो आत्याला म्हणाला.

"न्हाई."

"आत्या, पुढच्या वर्षी अशी येईलच कशावरून?"

"न्हाई येनार. म्हून काय झालं?"

मला वाटलं, विषय संपला.

मुंजाजीचा ट्रॅक्टर आला त्या दिवशी मला सुट्टी होती. पार्वतीबाई कडेवर तान्हं घेऊन उतरली. पोर उसाच्या फडावर, कोपीत, म्हणजे पाचटाच्या झोपडीत झालं होतं. ऊन चांगलंच चढलेलं. तिनं पोर सासूकडं दिलं, घमेल्यात शेणमाती कालवली आणि भिंतीवर हात फिरवला.

माती खाली घसरली.

तिनं पुन्हा लावली. पुन्हा घसरली. मुंजाजीनं बोटानं भिंत चाचपली. "गुळगुळीत कामून लागायली ही?"

मी बघितलं. उन्हात भिंत चकाकत होती. दाराखिडक्यांना मारतात ते वॉर्निश. नंतर कळलं, परभणीहून डबा आणून, मी लॅबमध्ये आणि आत्या शेतात असताना, त्यानं अख्ख्या चित्रावर मारलं होतं.

पार्वतीबाई रडायला लागली. "लेकरू माझ्या हातात हाय, आन् भितीवर आणखी पोटात? मी ह्या घरात पाय ठिवणार न्हाई. पुसा ते आदी!" ती लिंबाखाली जाऊन बसली. पोर उन्हानं किरकिर करत होतं. दारात सामान पडलेलं, कुलूप तसंच.

रविकांत कॅमेरा घेऊन उभा होता. मी जाऊन कॅमेऱ्यासमोर हात धरला.

"तुमी केलं?"

"हो... मला वाटलं, राहील. त्यांनाही आवडेल. आजोबांचं काहीच..."

"तुमचा आजा तिकडं ठिवा! ते लाकूड त्याचं होतं. ही भित कुणाची हाय? ही बाई कुणाची हाय? तुमाला आत्यानं न्हाई म्हणलं होतं का न्हवतं?"

"म्हणाल्या होत्या."

"मग? तुमच्या चुलत्यानं तुमाला इचारलं न्हाई, आन् तुमी आमाला इचारलं न्हाई. तो जाळणारा, तुमी चिकटवणारे. फरक काय?"

गल्ली गोळा झाली होती. मी ओरडत होते. रागानं, आणि त्याहून जास्त या भीतीनं, की मला हा माणूस आवडतो हे सगळ्यांना दिसत असेल. आत्या आली, भिंतीला तिनं तळहात लावून बघितला आणि घरी निघून गेली. तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

रविकांतनं कॅमेरा बंद केला, बॅगेत घातला, बॅग लिंबाखाली ठेवली. मुंजाजीकडं खुरपं मागितलं आणि भिंत खरवडायला लागला. वॉर्निश मातीत मुरलं होतं, पापुद्रा निघता निघत नव्हता. खुरप्यानं होईना तसा तो दगडानं घासायला लागला. ज्या चित्रासाठी तो एवढे दिवस कुसळं तुडवत आला, ते त्यानं स्वतःच्या हातानं काढून टाकलं. बैल गेले, मुंजाजी गेला, पोटावरचा हात गेला. उन्हं उतरली तेव्हा कोरी, खरबरीत भिंत तेवढी उरली. पार्वतीबाईनं माती लावली. या वेळी ती धरली. मग तिनं कुलूप काढलं, पोर घेतलं आणि आत गेली.

त्याच्या तळहातांची सालं निघाली होती. मी घरून कापूस आणि स्पिरिट आणलं. ओढून हात घेतला आणि मुद्दाम जरा जास्तच ओतलं.

"आई गं!"

"झोंबायलंय? झोंबू द्या."

"राजेश्री..." पहिल्यांदाच त्यानं नावानं हाक मारली. "मी चुकलो."

"ते दिसायलंय. हात सरळ धरा."

"आता तुझ्या आत्या परत चित्र काढतील ना?"

"ते दिवाळीला कळंल. काढलं न्हाई, तर तुमाला जिंतुरात येऊन झोडीन."

"म्हणजे येशील तरी."

मी पट्टी इतकी आवळली की तो पुन्हा कळवळला. त्याचा हात मात्र माझ्या हातातच राहिला, आणि तो सोडायची घाई आम्हा दोघांपैकी कुणीच केली नाही. शेवटी गाडीची वेळ झाली. पट्टी बांधलेल्या हातानं बॅग उचलत तो म्हणाला, "परत येऊ?"

हो म्हणायचं होतं. तोंडातून आलं ते असं, "इचारून कवापासून करायला लागलाव तुमी?"

तो गेला.

मेसेज यायचे त्याचे. मी वाचायचे, उत्तर द्यायचे नाही. एकदा लिहिलं, 'ती भिंत मी फिल्ममधून काढून टाकली. पार्वतीबाईंना फोनवर विचारलं, त्या नको म्हणाल्या.' त्या दिवशी तिसऱ्याच माणसाचं बोट टोचता टोचता राहिले. आषाढ आला, मेसेज कमी झाले, मग थांबले. मी आईवर चिडायला लागले, गाडीवर, पावसावर, पूर्णेला डब्यात चढणाऱ्या प्रत्येक परक्या माणसावर.

एका रविवारी मी आत्याला म्हणाले, "तू त्याचं चित्र काढणार होतीस की."

आत्या तांदूळ निवडत होती. "आठवण आली तर काढीन म्हणले होते. मला न्हाई आली." तिनं मान वर केली. "तुला आली का?"

मी तिच्या सुपातले तांदूळ चिवडायला लागले.

"मग तू काढ. चुना तिथं हाय."

मी जन्मात साधं फूल काढलं नव्हतं. पण आमच्या घराच्या पुढच्या भिंतीवर, वळचणीखाली, मी त्याला काढलं. डोळे लहानमोठे झाले, नाक वाकडं झालं. बॅग मोठी, बूट त्याहून मोठे. शेवटी डाव्या गालाला अंगठा दाबून मातीत खळी पाडली, आणि तिथंच मला रडू आलं.

आमच्या गावात घराच्या भिंतीवर फक्त त्या घरचं माणूस काढतात. हे शेंबड्या पोराला माहीत आहे. संध्याकाळपर्यंत गल्ली बघून गेली. आई शेतातून आली, भिंतीपुढं थबकली.

"हा कोण?"

"तुज्या लेकीला इचार," आत्या म्हणाली.

आईनं चित्रापुढं ठेवलेली बादली तेवढी उचलून बाजूला ठेवली, शिंतोडे उडू नयेत म्हणून. आता तो आलाच नसता, तर मला ते वाकडं नाक रोज बघत जगावं लागलं असतं. कारण नियम नियम आहे. ज्याचं चित्र, त्यानंच पुसायचं.

श्रावणातली भुरभुर चालू होती. वळचणीचं पाणी वाऱ्यानं आत येऊन त्याचा एक कान घेऊन गेलं होतं. मी दारात भाजी निवडत होते, आणि ओढ्याच्या बाजूनं कुणीतरी येताना दिसलं. गुडघ्यापर्यंत चिखल. खांद्याला काळी बॅग.

"तिकडून कामून?" मी उठलेच नाही.

"मला हीच वाट सांगितली होती," तो म्हणाला. "दुसरी माहीत नाही."

"मेसेज बंद केले."

"उत्तर येईना. म्हटलं, हिला लिहून विचारलेलं चालत नसावं, समोर उभं राहूनच..."

आणि त्यानं भिंत बघितली.

पाऊस त्याच्या केसांवरून गळत होता. मग त्याचा हात सवयीनं बॅगेच्या चेनकडं गेला.

"स्टेशन रुळाच्या कडंला हाय," मी म्हणाले. "फोटो काढायचा असंल तर काढ. आन् तसाच गाडीत बस."

"आणि नाही काढला तर?"

"तर... आधी पूस. मग आत ये."

हात चेनवर थांबला. त्याच्या आज्याचा एकही बैल उरला नव्हता, आणि त्याचं स्वतःचं, जन्मात पहिलंच, कुणीतरी काढलेलं चित्र समोर होतं. मी रागानं त्याच्याकडं बघत राहिले. मनात म्हणत होते, काढू नको... काढू नको रे.

त्यानं बॅग खांद्यावरून उतरवून ओसरीवर आत्याच्या पुढ्यात ठेवली. तिनं पुढं सरकवलेल्या घमेल्यातली माती घेतली. आधी भिंतीवरचे बूट पुसले, मग बॅग, मग वाकडं नाक. खळीपाशी त्याचं बोट थांबलं.

"हे काय आहे?"

"तिथली माती उकरली होती."

"खोटं."

"मग? लय शहाणा हायस ना तू, ओळख."

तो हसला, आणि भिंतीवर होती तिथंच, डाव्या गालाला खळी पडली. मग त्यानं ती बुजवली. त्याचे हात कोपरापर्यंत मातीनं भरले होते, आणि त्यांना वास होता तो लहानपणी मला उचलणाऱ्या आईच्या हातांचा. मी आता पाय आपटत नव्हते. मी जाऊन ते हात धरले.

"लय उशीर केलास," मी म्हणाले. "लय राग आलाय मला. तू मला लय आवडतोस."

"दोन्ही एकदम?"

"हाव. झेपत नसंल तर सांग."

"झेपतंय," तो हळूच म्हणाला.

"पाय धुवा आन् या आत," आत्या ओसरीवरून ओरडली, "च्या निवायलाय."

त्या चित्राचा फोटो कुणाकडंच नाही. मी आयुष्यात एकच चित्र काढलं, आणि ज्याचं होतं त्यानंच ते पुसलं. नाक एवढं वाकडं नव्हतं माझं, असं तो अजून भांडतो. मी म्हणते, समोर बसलायस की, बघून सांगते.